गिरिजाक्कांचा राहिलेला पेपर

एप्रिल लागला की आमच्या रस्त्यावर होंगेच्या फुलांचा सडा पडायला लागतो. होंगे म्हणजे आपल्याकडचा करंज. पण दहा वर्षं म्हैसूरमध्ये काढल्यावर मलाही आता होंगेच म्हणायची सवय झाली आहे. बारीक, फिकट जांभळी फुलं. उभ्या केलेल्या स्कूटरच्या सीटवर, गटारावरच्या फरश्यांवर, इस्त्रीवाल्याच्या गाडीच्या टपावर, जागा मिळेल तिथे पडून असतात. सकाळी झाडून काढली तरी दुपारपर्यंत पुन्हा तेवढीच. दिवसभर ऊन तापतं, चारच्या सुमाराला चामुंडीच्या टेकडीमागून ढग येतात, वीस मिनिटं सडसडून पाऊस पडतो आणि ओली फुलं रस्त्याला चिकटून बसतात. त्यांना एक तुरट वास येतो. तो वास आला की मला कळतं, परीक्षा आल्या.

जयलक्ष्मीपुरमच्या एका कॉलेजात मी बी.कॉम.च्या मुलांना बिझनेस मॅथेमॅटिक्स शिकवते. या दिवसांत मुलं घाबरलेली असतात. कॉमर्स घेतलं की गणिताची कटकट सुटली असं समजून आलेली असतात आणि इथे लिमिट, डेरिव्हेटिव्ह, मार्जिनल कॉस्ट अशी सगळी मंडळी त्यांची वाट बघत असतात. परवा पोर्शन संपवताना मी फळ्यावर नेहमीचं गणित घातलं. एक कारखाना दिवे बनवतो. जास्त दिवे खपवायचे तर किंमत उतरवावी लागते, शिवाय जास्त बनवायला खर्चही वाढत जातो. तर जास्तीत जास्त नफा किती दिव्यांवर? मुलांनी डेरिव्हेटिव्ह काढलं, शून्याबरोबर मांडलं, उत्तर आलं तीस. सगळ्यांनी पेनं खाली ठेवली. या ठिकाणी मी दरवर्षी मुलांना एक प्रश्न विचारते. एकतिसावा दिवाही विकला जातोच आहे, मग तिसावर थांबायचं कशाला? हुशार मुलंही मान वर करून बघतात. चांगला प्रश्न आहे. फक्त तो माझा नाही, गिरिजाक्कांचा आहे.

गिरिजाक्का कुवेंपुनगरात आमच्या खालच्या मजल्यावर राहायच्या. घर त्यांच्या सासऱ्यांचं, वरचा मजला आम्हाला भाड्याने दिलेला. म्हैसूरच्या जुन्या मराठी लोकांतलं हे कुटुंब. कोणे एके काळी पूर्वज महाराजांच्या घोडदळात होते म्हणे. कुठल्या गावाहून आले ते आता कुणालाच आठवत नाही. घरात मराठी बोलत, पण ते मराठीत सुरू होऊन कन्नडमध्ये संपायचं. पहिले काही महिने मला निम्मंच कळे. माझी सांगलीची मराठी त्यांना रेडिओवरच्या बातम्यांसारखी वाटायची. मी "कृपया" म्हटलं की गिरिजाक्का पदर तोंडाला लावून हसायच्या.

त्या तेव्हा सेहेचाळीस वर्षांच्या होत्या, माझ्याहून बारा वर्षांनी मोठ्या. मुलीचं लग्न झालेलं, ती लांब हुबळीला. नवरा नागेशराव बसचे ड्रायव्हर, लांबच्या गाड्यांवर. आज मडिकेरी तर उद्या मंगळूर. घरी गिरिजाक्का आणि सासरे. सासऱ्यांना लकवा होऊन तीन वर्षं झाली होती. उजवी बाजू गेलेली, बोलणं चार-पाच शब्दांपुरतं उरलेलं. गिळताना ठसका लागायचा, म्हणून त्यांना एकटं सोडता येत नसे. पुढच्या खोलीत खिडकीशी त्यांची खाट होती. डाव्या हाताशी स्टीलचा पेला असायचा. काही हवं असलं की खाटेच्या दांडीवर तो वाजवायचे.

तीन वर्षांपूर्वीचा तो फेब्रुवारी. मी माझी जुनी गणिताची पुस्तकं रद्दीत घालत होते. एम.एस्सी. करून सांगलीच्या कॉलेजात दोन वर्षं शिकवलं, मग लग्न, मग नवऱ्याची इथली नोकरी. सात वर्षं पुस्तकांना हात लागला नव्हता, आणि कपाटात जागा नव्हती. जिन्यात गठ्ठे लावून मी रद्दीवाल्याची वाट बघत बसले होते. गच्चीवरचे वाळलेले कपडे घेऊन गिरिजाक्का उतरत होत्या. त्या गठ्ठ्यापाशी थांबल्या. कपडे एका खांद्यावर टाकून त्यांनी सगळ्यात वरचं पुस्तक उचललं, मधेच कुठेतरी उघडलं आणि बराच वेळ त्या पानाकडे बघत राहिल्या. "हे तुमी वाचलेला काय?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, वाचलंय आणि शिकवलंयसुद्धा. त्या पुस्तक हातात घेऊन पायरीवर माझ्याशेजारी बसल्या. त्या दिवशी रद्दीवाला रिकाम्या हाताने परत गेला.

लग्न ठरलं तेव्हा त्या बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला होत्या. मग शिक्षण सुटलं ते सुटलंच. मुलीच्या लग्नाच्या पत्रिकेवर मुलाच्या आईच्या नावापुढे बी.ए. छापलेलं होतं आणि यांच्या नावापुढे काही नव्हतं. इथे पत्रिकेवर पदव्या छापतात. गिरिजाक्का म्हणायच्या, ते कारण नाही, आपलं अर्धं टाकलेलं काम डोळ्यांसमोर येत राहतं एवढंच. पण पत्रिकेची गोष्ट त्यांनी मला तीनदा सांगितली. मुलगी सासरी गेल्यावर त्यांनी पुन्हा पहिल्यापासून घरबसल्या बी.कॉम.ला नाव घातलं. स्वयंपाक, सासऱ्यांचं अंथरूण, औषधं, मालिश हे सगळं सांभाळून एकेक पेपर सोडवत आणला. एकच राहिला होता, बिझनेस मॅथेमॅटिक्स. त्यात दोनदा नापास झाल्या होत्या.

दुसऱ्या दिवसापासून आमचे क्लास सुरू झाले. दुपारी दोन ते चार. लाल कोब्याची गार जमीन, त्यावर चटई, मधे उतरंडीसारखी वह्या-पुस्तकं. खोलीला महानारायण तेलाचा वास. उन्हाने बाहेरचा रस्ता पांढरा पडलेला, आत पंख्याची कटकट. मी आधी मराठीत सुरुवात केली, कारण शाळेत मी मराठीतच शिकले होते. "अवकलज" म्हटल्यावर गिरिजाक्कांनी हात जोडले. हे आमचं मराठी न्हवे, म्हणाल्या, हे देवळातलं हाय. मग आम्ही डेरिव्हेटिव्हच म्हणू लागलो.

त्यांना गणित येत नव्हतं असं नाही. कुणी त्यांच्या हातात नीट दिलंच नव्हतं. सूत्रं त्यांनी घोकली होती. पण ती कशासाठी आहेत हे कुणी सांगितलं नव्हतं. मार्जिनल कॉस्ट म्हणजे आणखी एक नग बनवायला लागणारा जास्तीचा खर्च, एवढंच मी सांगितलं. त्या जरा विचार करून म्हणाल्या, दहा माणसांचं सांबार असताना अकरावा आला तर पाणी वाढवलं की भागतं, पण बाराव्या-तेराव्याला डाळ नवीन शिजत घालावी लागते, तसंच ना? दोन वर्षं शिकवताना मला असं उदाहरण कधी सुचलं नव्हतं.

दिव्यांचं गणित आलं तेव्हा त्यांनी तो प्रश्न विचारला. उत्तर बरोबर काढलं होतं, तीस. पण पेन्सिल खाली ठेवेनात. एकतिसावा पण विकला जातोय की, मग सुम्मने का थांबायचं? सुम्मने म्हणजे उगाचच. मी त्यांना एकतिसाव्याचं वेगळं गणित करायला सांगितलं. त्यांनी बोटांवर मोजत केलं. तो येताना आणायचा एकोणपन्नास रुपये आणि बनवायला लागायचे साडेपन्नास. गिरिजाक्कांच्या चेहऱ्यावर ऊन पडल्यासारखं झालं. आणतो त्याहून जास्त घेऊन जातोय, म्हणाल्या, आणि ते वाक्य त्यांनी सासऱ्यांना जाऊन कन्नडमध्ये समजावून सांगितलं. म्हाताऱ्याने डावा हात वर केला.

सासरे सगळं ऐकायचे. आम्हाला आधी वाटायचं झोपलेत. पण चारला पाच मिनिटं कमी असली आणि गिरिजाक्का कंटाळून वही मिटायला लागल्या की खाटेवरून पेला वाजायचा. अजून वेळ आहे. मला ते टीचरम्मा म्हणायचे. त्यांच्या उरलेल्या चार-पाच शब्दांत हा एक नवा शब्द त्यांनी माझ्यासाठी जमवला होता. तोंड वाकडं करून, जीभ ओढत, पण पूर्ण म्हणायचे.

एका दुपारी पावसाची वाट बघत आम्ही उंच आणि सखल बिंदूंचं प्रकरण करत होतो. गिरिजाक्का म्हणाल्या, चढण संपली तिथंही सपाट आणि उतार संपला तिथंही सपाट. मग तिथं उभ्या असलेल्या माणसाला कसं कळायचं, आपण वर हाय का खाली? मी दुसरं डेरिव्हेटिव्ह काढून दाखवलं. ते उणं आलं तर माथा, अधिक आलं तर तळ. त्यांनी वहीत उतरवून घेतलं, पण मान हलवत राहिल्या. पुस्तकात कळत असेल, म्हणाल्या.

त्या अडीच महिन्यांत माझं काय झालं ते तेव्हा माझ्याही लक्षात आलं नव्हतं. मी सकाळी उठून दुपारची तयारी करायला लागले होते. रद्दीत निघालेली पुस्तकं पुन्हा टेबलावर आली होती. मी नवऱ्याशी जेवताना गणितावर बोलत होते. एक दिवस त्यानेच पेपरातली जाहिरात दाखवली, जयलक्ष्मीपुरमच्या कॉलेजला बिझनेस मॅथेमॅटिक्सला शिक्षक हवेत. मी अर्ज केला आणि विसरले. गिरिजाक्कांना सांगितलं तेव्हा त्यांना माझ्याहून जास्त आनंद झाला.

त्यांचा पेपर मे महिन्यात होता, सकाळी दहा ते एक. नागेशरावांना त्या दिवशी मंगळूरची गाडी लागली होती. रजा मागून पाहिली, मिळाली नाही. समोरचे लोक सुट्टीसाठी गावाला. अनोळखी माणसाला सासऱ्यांपाशी बसवण्यात अर्थ नव्हता, त्यांना भरवण्याची एक पद्धत होती आणि ती गिरिजाक्कांशिवाय फक्त मला जमायची. मी म्हटलं, मी बसते. त्यात विचारायचं काय? नऊला तुम्ही निघा, दोनपर्यंत मी आहे. त्यांनी माझा हात धरला.

पेपरच्या आदल्या दिवशी संध्याकाळी पाचला कॉलेजच्या ऑफिसातून फोन आला. उद्या मुलाखत आणि डेमो लेक्चर. क्लार्क म्हणाला, दोन वेळा आहेत, अकरा किंवा तीन. 

मी इथे थांबून सगळं नीट सांगते, कारण पुढची तीन वर्षं या एका वाक्यावर उभी आहेत. त्याने अकरा किंवा तीन म्हटलं. माझ्यासमोर दोन्ही होत्या. मी तीन म्हणणार होते, म्हटलंही असतं. तेवढ्यात तो म्हणाला की सकाळची वेळ घेतलेली बरी, दुपारपर्यंत प्रिन्सिपल मॅडम कंटाळतात, कधीकधी सकाळीच ठरवून टाकतात. सात वर्षं मी घरी होते. मी अकरा म्हटलं. खाली जाऊन लगेच सांगायला हवं होतं. निदान त्या संध्याकाळी कुणाला तरी शोधून भरवण्याची पद्धत दाखवता आली असती. मी गेले नाही. काय करावं याचा विचार करते आहे असं स्वतःला सांगत राहिले. विचार करायचं काही उरलंच नव्हतं.

सकाळी सातला मी खाली गेले. गिरिजाक्कांची आंघोळ झाली होती. निळी कडक इस्त्रीची साडी, केसांत मोगऱ्याचा छोटा गजरा. देवापुढे हॉल तिकीट ठेवलेलं, त्यावर हळदकुंकू. सासऱ्यांची दाढी करून, गंजी म्हणजे तांदळाची पेज भरवून झाली होती आणि तेही नेहमीपेक्षा ताठ बसल्यासारखे उशीला टेकले होते. देवापाशीच वाटीत दही-साखर कालवून ठेवली होती. निघताना हातावर घ्यायची म्हणून.

मी म्हटलं, मला आज अकराला मुलाखतीला बोलावलंय, फोन काल उशिरा आला, दुसरी वेळ नाही म्हणाले.

दुसरी वेळ नाही. इतक्या सहज ते माझ्या तोंडून आलं.

गिरिजाक्कांनी क्षणभर माझ्याकडे बघितलं, मग खाटेकडे. मग देवापुढचं हॉल तिकीट उचलून त्यावरची हळद फुंकून टाकली आणि ते वहीत घालून वही फडताळात ठेवली. 

"परवागिल्ला," त्या म्हणाल्या. काही हरकत नाही. "तू जा. माझी परीक्षा परत येते. तुझी नोकरी परत येणार नाय."

पहिल्यांदाच त्यांनी मला तू म्हटलं. आणि देवापाशी जाऊन ती वाटी आणली. मी नको म्हणत असताना माझा उजवा हात धरून पसरवला आणि दही-साखर माझ्या तळव्यावर घातली. मी ती खाल्ली. दही ताजं लागलेलं होतं, गोड, साखर अजून विरघळलेली नव्हती. दाताखाली करकरली.

डेमो लेक्चर उत्तम झालं. समोर तीन माणसं होती. मी दिव्यांचं गणित घेतलं, तीस उत्तर काढलं, आणि खडू खाली ठेवून विचारलं की एकतिसावा दिवाही विकला जातो आहे, मग थांबायचं कशाला? कडेला बसलेल्या बाईंनी पुढे वाकून ऐकायला सुरुवात केली. नंतर मी सांबाराचं उदाहरणही दिलं. ते हसले. बारा वाजता मी बाहेर पडले तेव्हा मला माहीत होतं की नोकरी मिळाली. बारा ते एक या वेळेत घरी पोचून मी गिरिजाक्कांना सोडवू शकले नसते, परीक्षेला उशिरा घेत नाहीत. तरी मी रिक्षा केली आणि त्याला जोरात चालव म्हटलं. कशासाठी, ते आजही सांगता येणार नाही. पोचले तेव्हा गिरिजाक्का त्याच निळ्या साडीत सासऱ्यांना भात भरवत होत्या. कसं झालं, त्यांनी विचारलं. 

आठ दिवसांनी मी म्हैसूरपाक घेऊन खाली गेले. गिरिजाक्कांनी माझ्या गालावरून हात फिरवून बोटं मोडली. सासऱ्यांसाठी मी एक तुकडा कुस्करून चमच्यात घेतला. त्यांनी तोंड उघडलं नाही. मी दोनदा म्हटलं, आजोबा, गोड आहे. त्यांनी मान खिडकीकडे वळवली. गिरिजाक्का म्हणाल्या, आज त्यांना बरं वाटत नाय. पण त्यानंतर सासऱ्यांनी मला कधीच टीचरम्मा म्हटलं नाही. मी खोलीत आले की डोळे मिटून घ्यायचे. दुपारचे क्लास बंद झाले होते, कारण दोन ते चार मी कॉलेजात असायची. रविवारी करू, आम्ही म्हणायचो. एक-दोन रविवार केलंही. मग वही फडताळातच राहिली.

डिसेंबरात म्हातारे गेले. थंडीत कफ झाला, चार दिवसांत संपलं. तेराव्याला पंगत उठल्यावर मी नागेशरावांना म्हटलं, आता अक्कांना वेळ मिळेल, येत्या मे महिन्यात पेपर देऊन टाकू देत, मी रोज संध्याकाळी घेईन. ते केळीची पानं गोळा करत होते. तसेच वाकलेले म्हणाले, कुठला पेपर? तिची मुदत संपली. मागच्या मेमध्ये शेवटची संधी होती. आता परत नाव घालायचं तर सगळे पेपर पहिल्यापासून. तुम्हाला तिनं सांगितलं नाय? 

मी स्वयंपाकघराच्या दाराकडे बघितलं. आत गिरिजाक्का उरलेला भात डब्यात भरत होत्या. माझी परीक्षा परत येते, असं त्या म्हणाल्या होत्या. हॉल तिकिटावरची हळद फुंकताना त्यांना ठाऊक होतं की ती परत येणार नाही.

मार्च महिन्यात ते सरगूरला गेले. तिकडे नागेशरावांच्या वाट्याचं थोडं रान होतं. त्यांनी नोकरी सोडली, इथलं घर त्यांनी आणि त्यांच्या भावांनी मिळून विकलं. आम्ही दोन गल्ल्या सोडून दुसरीकडे राहायला गेलो. सामान टेम्पोत चढवताना गिरिजाक्कांनी मला ती खाट दाखवून विचारलं, हवी काय? मी नको म्हटलं.

त्यानंतर फोनवर बोलणं व्हायचं. युगादीला, दसऱ्याला, मधेच एखाद्या दुपारी. रागी कशी आली, रानडुकरांनी काय केलं, माझ्या वर्गात किती मुलं. त्या माझ्या वर्गातल्या मुलांची चौकशी अशी करायच्या, जणू त्यांनाही ती ठाऊक आहेत. त्यांचा सांबाराचा दाखला मी वर्गात सांगते, हे ऐकून खूप वेळ हसल्या होत्या. आणि प्रत्येक वेळी फोन ठेवल्यावर मला वाटायचं, आज सांगायला हवं होतं. त्यांना वाटतं आहे की माझ्यापुढे दुसरा रस्ता नव्हता. इतक्या चांगुलपणाच्या खाली माझं ते खोटं आहे तसंच पडून होतं. वर्गात ते गणित घालताना मला जड जायला लागलं. झोप लागेना असं नाही, पण एप्रिल आला की छातीवर काहीतरी बसायचं. सांगून टाकलं की मोकळं होईल, असं मी मनाशी ठरवलं. त्यांच्यासाठी सांगते आहे असंही मी स्वतःला पटवलं. त्यांना खरं कळण्याचा हक्क आहे वगैरे.

गेल्या वर्षी याच दिवसांत मी सरगूरला गेले. एच. डी. कोटेच्या पुढे बस अर्धी रिकामी झाली. दोन्ही बाजूंना नांगरलेली तांबडी रानं, मधेच एखादं चिंचेचं झाड. गिरिजाक्का स्टँडवर आल्या होत्या. केस बरेच पांढरे झालेले, हात राठ. घर लहान, पुढे शेणाने सारवलेलं अंगण. नागेशराव रानात गेले होते. गिरिजाक्कांनी मला तांदळाच्या पिठाची अक्की रोटी करून वाढली, वरून लोणी, आणि मी जेवत असताना समोर बसून राहिल्या. किती वाळलीस, म्हणाल्या.

जेवण झाल्यावर आम्ही अंगणात सावलीला बसलो. त्या अवरेकाळूच्या, म्हणजे पावट्याच्या, वाळलेल्या शेंगा सोलत होत्या. मी पण दोन-चार हातात घेतल्या. मग मी सांगितलं. जसं वर लिहिलं तसंच, काही न लपवता. क्लार्कने अकरा किंवा तीन म्हटलं होतं. मी अकरा घेतली. तुम्हाला खोटं सांगितलं.

त्यांनी शेंगा सोलणं थांबवलं नाही. एक शेंग, दुसरी शेंग. दाणे परातीत पडत होते. मला वाटलं, ऐकू गेलं नसेल. पुन्हा सांगावं लागेल की काय अशी भीती वाटली.

मग त्यांनी परात बाजूला ठेवली.

"तुला दुसरी वाट नव्हती म्हणून माझी परीक्षा मी तुला दिली," त्या म्हणाल्या. आवाज चढलेला नव्हता. "इतकी वर्षं मला बरं वाटायचं. पास झाले नाय, पण एकीच्या कामी आले, असं वाटायचं. आता तू सांगतेस, वाट होती." त्यांनी पदराने हात पुसले, आधी एक, मग दुसरा. "मग मी कशासाठी दिली?"

मी माफ करा म्हटलं. त्या "हं" म्हणाल्या. मला रडू आलं तेव्हा त्यांनी आतून पाण्याचा तांब्या आणून दिला, आणि मी पाणी प्यायले. त्यांच्याजवळ त्या पेपरातलं जे काही उरलं होतं, तेही मी घेऊन चालले होते, हे मला तिथे बसल्या बसल्या कळलं. दोन वर्षं माझ्या छातीवर होतं ते मी उचलून त्यांच्या अंगणात ठेवलं होतं.

चारच्या बसला त्या मला सोडायला आल्या. वाटेत एक-दोन बायका भेटल्या, त्यांना त्यांनी माझी ओळख करून दिली. म्हैसूरची कॉलेजातली टीचर, म्हणाल्या. पिशवीत त्यांनी मला निवडलेले अवरेकाळू दिले होते, वर कागद घालून. बस लागली. मी चढून खिडकीशी बसले. त्या खाली उभ्या होत्या, एक हात कपाळावर धरून, उन्हामुळे. इथे कुणी जायला निघालं की मागे राहणारा माणूस "होगि बा" म्हणतो, जाऊन ये. गिरिजाक्का तर मी वरच्या मजल्यावर जातानाही मला तसं म्हणायच्या.

गाडी हलली तेव्हा मी खिडकीतून म्हटलं, "येते, अक्का."

त्यांनी मान हलवली. म्हणाल्या, "सावकाश जा."